ह्यूची आई

पद्मिनीने इस्त्री शिवच्या कुर्त्याच्या बाहीवर दाबून धरली. तिथली चुणी केव्हाच गेली होती, तरी तिचा हात उचलला जाईना. कुर्ता मोरपंखी रंगाचा होता, मागच्या दिवाळीत घेतलेला आणि अजून एकदाच अंगाला लागलेला. विष्णू जिन्यावरून खाली आला, इस्त्रीच्या टेबलापाशी थांबला आणि त्याने कुर्त्याची कॉलर चिमटीत धरून पाहिली.

"हा कोणाचा?"

"शिवचा. उद्या घालायला."

विष्णूने कॉलर सोडली. मग त्याने आठवण करून दिली, की उद्या दोन वाजता शरयू येऊन शिवपाशी बसणार आहे. शरयू म्हणजे युनिव्हर्सिटीत एमएस करणारी नागपूरची मुलगी. आईवडिलांना कुठे जायचं असलं की ती पुस्तकं घेऊन यायची आणि शिवसोबत थांबायची.

"मी तिला कॅन्सल केलं," पद्मिनी म्हणाली.

पुढचं भांडण जुनंच होतं. कोणी कुठलं वाक्य म्हणायचं हेही ठरलेलं होतं. विष्णू म्हणाला की प्रमुख पाहुणे थेट डब्लिनहून, ओहायोमधून येताहेत, नऊ वर्षांत इथल्या मराठी मंडळाने कुणाच्या पुस्तकाचं प्रकाशन केलेलं नाही, आणि शिव मध्येच उठून मोठ्याने काही बोलला तर सगळ्या कार्यक्रमाचा विचका होईल. पद्मिनी म्हणाली की पस्तीस वर्षांच्या मुलाने बापाच्या कौतुकाला हजर असणं याला विचका म्हणत नाहीत. विष्णू म्हणाला, दोन तासांचा तर प्रश्न आहे. हे "दोन तास" ती शिवच्या जन्मापासून ऐकत आली होती. कोणाच्या मुंजीचे दोन तास, कोणाच्या गृहप्रवेशाचे दोन तास, धाकट्या लेकीच्या, रुहीच्या ग्रॅज्युएशनचे दोन तास. त्यांची बेरीज केली असती तर एका माणसाचं अर्धं आयुष्य भरलं असतं.

तिच्या रागाला या वेळी आणखी एक कारण होतं, पण ते तिने अजून तोंडातून काढलं नव्हतं. बुधवारी पुण्याहून पुस्तकांची खोकी आली. पहिलं खोकं तिनेच सुरीने उघडलं होतं. हातात घेतलेलं पुस्तक तिने सवयीने उलटं केलं आणि पाठीमागचा मजकूर वाचला. विष्णू देवस्थळी यांचा फोटो, त्यांचं शिक्षण, त्यांची नोकरी, आणि शेवटी: "पत्नी पद्मिनी व कन्या रुही यांच्यासह व्हर्जिनियातील हर्नडन येथे वास्तव्य." रुही दहा वर्षांपूर्वी घर सोडून रिचमंडला गेली होती. या घरात वास्तव्य होतं ते शिवचं. मलपृष्ठावरचा तो मजकूर विष्णूने परस्पर प्रकाशकाला पाठवला होता. आतलं सगळं पुस्तक मात्र पद्मिनीने टाइप केलं होतं, तीनशेवर पानं, विष्णूच्या मुंग्यांसारख्या अक्षरावरून, एकेक काना आणि मात्रा शोधत. आत पहिल्या पानावर तशी नोंदही होती: टंकलेखन, सौ. पद्मिनी देवस्थळी. टायपिस्ट म्हणून बायकोचं नाव आलं होतं. मुलाचं नाव कशातच आलं नव्हतं.

ते पुस्तक होतं सर अँब्रोज हॅडली यांचं चरित्र. सर अँब्रोज म्हणजे चारशे वर्षांपूर्वीचा डॉर्सेटमधला एक मध्यम जमीनदार आणि पार्लमेंटचा सभासद. राजापुढे मान वाकवायची नाही असं ज्यांनी ठरवलं होतं, त्यांच्यातला एक. पण पहिल्या रांगेतला नव्हे, त्यामुळे इंग्लंडातही त्याला फारसं कोणी ओळखत नसे. रिटायर झाल्यावर विष्णूच्या बरोबरीच्या कोणी गोल्फ धरला, कोणी सतार धरली. विष्णूने अँब्रोज धरला. एवढ्या मोठ्या जगात हाच माणूस का, असं लोक विचारत तेव्हा तो म्हणे, "तत्त्वाचा माणूस होता." पद्मिनीनेही पुढे विचारलं नव्हतं. नवरा घरात बसून कामात आहे याचंच तिला बरं वाटलं होतं.

टाइप करता करता हॅडलींचं घर तिला शेजारच्या घरासारखं ओळखीचं झालं. अँब्रोज तापट. त्याची बायको लेडी मार्जरी, जिची बरीच मुलं पाळण्यातच गेली आणि पाच जगली. पोरींची लग्नं, धाकट्याचं कर्ज, शेजाऱ्याशी ओढ्याच्या पाण्यावरून तंटा. मार्जरीवर पद्मिनीचा जीव होता आणि अँब्रोजवर राग, कारण त्या पाचांशिवाय ह्यू नावाचा एक अनौरस मुलगाही त्याच घरात वाढला होता. स्वतःच्या लेकरांबरोबर नवऱ्याचं बाहेरचं पोर सांभाळायचं, त्याला ताटात वाढायचं, आणि वर हा तत्त्वाचा माणूस! ते पान टाइप करताना पद्मिनीने कीबोर्डवर नको इतक्या जोराने बोटं आपटली होती.

हॅडलींची कबरही विष्णू-पद्मिनीने पाहिली होती. दोन वर्षांपूर्वी विष्णू तिला डॉर्सेटमधल्या त्यांच्या खेड्यातल्या चर्चमध्ये घेऊन गेला होता. दगडात कोरलेले अँब्रोज आणि मार्जरी शेजारी शेजारी उताणे झोपलेले, आणि खाली गुडघे टेकून मुलांची रांग. सगळ्यांचे हात जोडलेले, नजर सरळ. रांगेत सगळ्यात पुढे ह्यू. त्याचे हात जोडलेले नव्हते. तळवे मांडीवर उघडे पडले होते आणि मान वळवून तो वर आईबापांकडे बघत होता. पद्मिनी म्हणाली होती, "अहो, हा बघा, आपल्या शिवसारखा बसलाय." विष्णू फोटो काढत होता. थोड्या वेळाने तो बाहेर जाऊन थडग्यांमधल्या बाकावर बसला. पद्मिनीला वाटलं, चालून दमले असतील.

संध्याकाळी रुही आली. ती वकील होती; मृत्युपत्रं, म्हातारपणीच्या तजविजी आणि पालकत्वाची प्रकरणं हेच तिचं रोजचं काम. बाबांचा मोठा दिवस म्हणून ती रजा टाकून आली होती. पद्मिनीने तिला पोहे दिले आणि टेबलाशी बसवून घेतलं, कारण उद्या व्यासपीठावरून पुस्तकातला एक उतारा पद्मिनी वाचणार होती आणि तिला एकदा कोणापुढे तरी तो वाचून पाहायचा होता. उतारा विष्णूने निवडला होता, हॅडलींच्या कुटुंबाचा. राजकारणाचा भाग बायकांच्या डोक्यावरून जाईल, असं त्याचं मत पडलं होतं. पलीकडच्या खोलीत शिव उद्याच्या कार्यक्रमासाठी आणलेले कागदी नॅपकिन एकावर एक रचत बसला होता.

रुहीला मराठी वाचता येत नसे, पण ऐकून सगळं कळे. पद्मिनीने सुरुवात केली, "सर अँब्रोज यांना लेडी मार्जरीपासून दोन पुत्र व तीन कन्या झाल्या. याखेरीज ह्यू नावाचा एक अनौरस पुत्र. त्याच्या मातेचा उल्लेख कोठेही सापडत नाही." इथे ती थांबली. तिच्याच्याने राहवलं नाही. बघ, असले हे लोक, असं म्हणत तिने ह्यूची आणि त्या कबरीची सगळी हकिगत पोरीला सांगितली.

रुहीचा चमचा हातातच राहिला. "वेट. इल्लेजिटिमेट असेल तर लाइनमध्ये फर्स्ट का? नेव्हर. त्याला तर स्टोनवर जागाच मिळाली नसती."

"बाबांनी लिहिलंय."

"ओरिजिनल वर्ड काय आहे?"

ते पद्मिनीला पाठ होतं. कबरीवर प्रत्येक मुलाच्या पायाशी नाव कोरलेलं होतं. एडवर्डच्या खाली एडवर्ड, आणि पहिल्याच्या खाली "ह्यू, अ नॅचरल". विष्णूने पुस्तकात तळटीपही दिली होती, की येथे "सन" हा शब्द जागेअभावी गाळलेला दिसतो. नॅचरल सन, म्हणजे अनौरस पुत्र. जुन्या इंग्रजी-मराठी कोशात तोच अर्थ दिला होता. तिने स्वतः पाहिला होता.

"सन नाहीये पण तिथे," रुही म्हणाली. "'अ नॅचरल' आहे. नाउन. आई, लॉ स्कूलमध्ये शिकवतात हे. जुन्या लॉमध्ये 'अ नॅचरल' म्हणजे बॉर्न दॅट वे. ज्याची बुद्धी जन्मापासूनच..." तिने वाक्य अर्धवट सोडलं आणि पलीकडच्या खोलीकडे पाहिलं. "दादासारखा."

नॅपकिनचा ढीग कोसळला, आणि शिवने तो पहिल्यापासून रचायला घेतला.

रुही पुढे बोलत होती, निम्मं इंग्रजीत आणि निम्मं मराठीत. त्या काळी असा वारस जन्माला आला की त्याच्यावर आणि त्याच्या जमिनीवर हक्क राजाचा. राजाच्या एका खास कोर्टात कोणीही उपऱ्याने अर्ज करावा आणि तो मुलगा जमिनीसकट मागून न्यावा. तो माणूस मग जमीन खाई आणि मुलगा कुठल्या तरी खोलीत पडून राही. हे कोर्ट पद्मिनीला चांगलं ठाऊक होतं. पुस्तकाची तीन प्रकरणं त्यानेच भरली होती. अँब्रोज त्या कोर्टाविरुद्ध वीस वर्षं पार्लमेंटात बोलत राहिला, एकदा तुरुंगात गेला, आणि ते कोर्ट बंद झालं तेव्हा म्हाताऱ्याने चर्चची घंटा वाजवायला लावली. विष्णूने लिहिलं होतं, की स्वतःचा काडीचा संबंध नसताना केवळ तत्त्वासाठी हा माणूस लढला. म्हणे तत्त्वासाठी. घरात थोरला मुलगा तसा होता म्हणून लढला तो. आपण मेल्यावर याला कोणी मागून नेऊ नये म्हणून लढला.

शिव अठरा वर्षांचा झाला तेव्हा विष्णू-पद्मिनीलाही त्याचं पालकत्व मागायला कोर्टात उभं राहावं लागलं होतं. इथल्या कायद्याने तो सज्ञान झाला होता, आणि त्याचे आईबाप म्हणून त्यांना आता कसलाच अधिकार उरला नव्हता. जजबाई प्रेमळ होत्या; पंधरा मिनिटांत सगळं आटोपलं. पण गाडीत बसल्यावर विष्णूने किल्ली लावली नाही. "आपलंच पोर मागून आणावं लागलं," असं म्हणून तो स्टिअरिंगवर डोकं टेकून रडला होता. त्यानंतर ते दोघं त्या दिवसाबद्दल कधी बोलले नाहीत.

पद्मिनी उठली. पहिल्यांदा तिला हसूच आलं, जळजळीत हसू. चार वर्षं खपून ग्रंथ लिहिला, आणि त्या घरच्या थोरल्या मुलालाच अनौरस ठरवून बसले! इतकी मोठी चूक नवऱ्याच्या पदरात घालायची संधी मिळाली म्हणून तिचे पाय गॅरेजकडे जरा जास्तच भराभर चालले.

विष्णू गाडीच्या डिकीत खोकी चढवत होता.

"अहो, ह्यू अनौरस नव्हता."

त्याने हातातलं खोकं खाली ठेवलं नाही. ते आत सरकवलं, नीट कोपऱ्यात बसवलं, आणि मग म्हणाला, "रुहीने सांगितलं वाटतं."

पद्मिनी जागच्या जागी थिजली. कशावरून, कोण म्हणतं, कोशात तर असं दिलंय, यातलं एक अक्षर तो बोलला नव्हता. चुकलेला माणूस निदान एकदा तरी वाद घालतो.

"तुम्हाला माहीत होतं."

"हो."

"कधीपासून?"

"पहिल्यापासून. त्याच्यामुळेच तर अँब्रोज घेतला लिहायला." विष्णूने डिकीच्या कडेला टेकून घेतलं. कोणत्या तरी लेखात अर्धी ओळ वाचली होती, त्याने सांगितलं. पार्लमेंटमधला असा एक माणूस, ज्याचा थोरला मुलगा असा होता. त्या रात्री त्याला झोप लागली नव्हती. पहिल्या खर्ड्यात सगळं सरळ लिहिलंही होतं. मग डोळ्यांपुढे मंडळाची माणसं आली. ती ते पान वाचतील, पुस्तक मिटतील आणि आपल्याकडे बघतील. म्हणतील, अच्छा, म्हणून यांना हा विषय सुचला होय. इतका अभ्यास केला तो इतिहास म्हणून कोणी वाचणारच नाही. देवस्थळींच्या घरची कैफियत म्हणून वाचतील. "झाकली मूठ सव्वा लाखाची," तो म्हणाला, आणि स्वतःच्याच बोलण्याने जरासा ओशाळला.

"बघितलं लोकांनी तर बघू देत. मी रोज बघून घेते त्यांचं बघणं. दुकानात, देवळात, पार्किंगमध्ये."

"तुला सोपं आहे ते."

हे ऐकल्यावर पद्मिनीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पस्तीस वर्षं त्या मुलाची रोज आंघोळ, मोठा झाल्यापासून एक दिवसाआड दाढी, नखं, औषधं, तापात जागरणं, आणि सोपं! ती ओरडली नाही. ओरडायची सवय या घरात कोणालाच नव्हती, शिव घाबरतो म्हणून. ती अगदी जवळ गेली आणि हळू आवाजात बोलली.

"अनौरस चालला तुम्हाला. दुसऱ्याचं पाप म्हणून लिहिलंत, ते चाललं. आणि जे होतं ते लिहायला लाज वाटली."

"चारशे वर्षांपूर्वी मेलेला मुलगा, पद्मा. त्याचं काय बिघडलं?"

"त्याचं सोडा. मार्जरीचं काय?"

विष्णूला कळलं नाही. त्याच्या चेहऱ्यावर ते स्पष्ट दिसत होतं, आणि त्याचाच तिला सगळ्यात जास्त संताप आला.

"त्याच्या मातेचा उल्लेख कोठेही सापडत नाही. तुमचं वाक्य आहे. माझ्याकडून टाइप करून घेतलंत. ती बाई त्याच्या डोक्याशी दगडात झोपलीय हो! तिने काढलं त्याचं सगळं. आणि तुम्ही लिहिलंत, सापडत नाही."

विष्णूने चष्मा काढला आणि शर्टाच्या टोकाने पुसत राहिला. शेवटी म्हणाला, उद्या तू दुसरं काही वाच. पोरींच्या लग्नांचा भाग आहे, तो बरा आहे. आणि शिवला आणायचंच असलं तर आण, पण जरा मागे बसव. पद्मिनी आत निघून गेली. रात्री कोणी जेवलं नाही. म्हणजे शिव जेवला आणि रुही त्याच्यासोबत बसली.

दुसऱ्या दिवशी कम्युनिटी सेंटरचा हॉल बऱ्यापैकी भरला. बाहेरच्या टेबलावर बटाटेवड्यांचे ट्रे आणि चहाचा थर्मास, आत पडद्यावर सर अँब्रोजच्या कबरीचा फोटो. मंडळाचा अध्यक्ष सिद्धेश सूत्रसंचालन करत होता. तो चाळिशीचा, उत्साही मुलगा. सगळ्यांना काका-काकू म्हणायचा आणि कशाचाही विनोद करायचा. पद्मिनीने शिवला पहिल्या रांगेत बसवलं. एका बाजूला रुही, मग ती स्वतः, मग शिव, आणि शिवच्या पलीकडची शेवटची खुर्ची मोकळी. त्या खुर्चीवर तिने आपली पर्स ठेवली. मंडळाच्या कार्यक्रमांना शिवच्या शेजारची खुर्ची आपोआप रिकामी राहायची. हॉल कितीही भरला तरी लोक भिंतीशी उभे राहात, पण तिथे बसत नसत. तिथे आपली पर्स ठेवायची सवय पद्मिनीला फार वर्षांपूर्वी लागली होती. त्यामुळे खुर्ची कोणी घेतली नाही असं न दिसता, कोणासाठी तरी धरून ठेवली आहे असं दिसायचं.

व्यासपीठावरून विष्णूने त्यांच्याकडे एकदा पाहिलं आणि पुढ्यातली पाण्याची बाटली उगाच हलवून ठेवली.

प्रकाशन झालं, टाळ्या झाल्या, लोकांच्या हातात पुस्तकं गेली. मग सिद्धेशने काकूंना उतारा वाचायला बोलावलं. पद्मिनीने पोरींच्या लग्नांचं पान काढलं नाही. शिवचा हात तिने रुहीच्या हातात दिला आणि ती माइकपाशी गेली. सकाळपासून ती ह्यूसाठी एक शब्द शोधत होती. शाळेच्या रिपोर्टांमधला शब्द तिला नको होता. शेजारणी हळू आवाजात वापरत तोही नको होता, आणि मंडळात सगळे म्हणत तो "स्पेशल" तर मुळीच नको होता. यातला एकही शब्द तिने शिवसाठी कधी वापरला नव्हता. लोकांनी आपापल्या प्रतींमध्ये पान उघडलं आणि तिने वाचायला सुरुवात केली.

"सर अँब्रोज यांना लेडी मार्जरीपासून तीन पुत्र व तीन कन्या झाल्या. थोरला ह्यू. तो जन्मापासून आमच्या शिवसारखा होता. त्याची आई लेडी मार्जरी."

पुढचा सगळा उतारा तिने छापल्याप्रमाणे वाचला. पण कोणी ऐकत नव्हतं. पानं पुढेमागे उलटल्याचा आवाज येत होता, बोटं ओळींवरून फिरत होती. तिसऱ्या रांगेतल्या वल्लरीकाकूंनी नवऱ्याला कोपराने ढोसून आपली प्रत त्याच्यापुढे धरली. प्रमुख पाहुण्यांनीही पुस्तक डोळ्यांजवळ नेलं. वाचन संपल्यावर टाळ्या आल्या त्या अर्धवट, अवघडलेल्या.

सिद्धेशला ती शांतता सोसवली नाही. "काकू, आमच्या कॉपीत तर काही वेगळंच छापलंय! काका, प्रिंटिंग मिस्टेक का?"

सगळे विष्णूकडे बघायला लागले. पद्मिनीनेही पाहिलं. त्याने नाही म्हणायला एक क्षण पुरेसा होता.

"हो," विष्णू म्हणाला. "छपाईत राहून गेलं."

"आणि टायपिंग तर काकूंचं! म्हणजे चूक घरच्या घरीच झाली म्हणायची," सिद्धेश म्हणाला, आणि लोक हसले. त्यांचं हसणं वाईट नव्हतं. अवघडलेपणातून सुटका झाली म्हणून हसले बिचारे. पद्मिनी पायऱ्या उतरून खाली आली आणि आपल्या खुर्चीत बसली. रुही काहीतरी पुटपुटली, पण तिच्या कानात ते शिरलं नाही. मुलगा खोडला, मुलाची आई खोडली, आणि आता खोडल्याचं खापरही आईच्याच माथी. एवढ्या माणसांसमोर, इतक्या सहज! तिच्या मनात आलं की शिवचा हात धरावा, उठावं आणि चालू लागावं. पण शिव शांत बसला होता. मोरपंखी कुर्त्यात तो देखणा दिसत होता आणि पडद्यावरच्या फोटोकडे एकटक बघत होता. त्याच्यासाठी ती बसून राहिली.

प्रमुख पाहुणे पुष्कळ वेळ बोलले. पार्लमेंट, राजसत्ता, तत्त्वनिष्ठा. पद्मिनीला नंतर त्यातला एक शब्दही आठवला नाही. मग सिद्धेशने लेखकाला मनोगतासाठी बोलावलं, आणि विष्णू खिशातून चार घड्यांचे कागद काढत माइकपाशी आला. ते भाषण तो महिनाभर लिहीत होता. न्हाणीघरात म्हणूनही बघत होता. त्याने चष्मा चढवला. कागद उलगडले. पहिल्या ओळीवर बोट ठेवलं आणि बराच वेळ तो तसाच उभा राहिला.

"मघाशी मी छपाईची चूक म्हणालो," तो म्हणाला. "ती छपाईची नाही. टायपिंगचीही नाही. हिने मी दिलं तसंच टाइप केलंय." त्याने पुन्हा कागदाकडे पाहिलं. "हिने आत्ता वाचलं ते बरोबर आहे. मला माहीत होतं."

विष्णूला आणखी काहीतरी म्हणायचं होतं, कारण त्याचे ओठ दोनदा उघडले. मग त्याने कागदांची होती तशी घडी केली आणि व्यासपीठावर प्रमुख पाहुण्यांशेजारच्या आपल्या खुर्चीकडे न जाता तो पायऱ्या उतरला. पहिल्या रांगेसमोरून चालत तो शिवच्या पलीकडच्या खुर्चीपाशी आला आणि तिथे उभा राहिला. खुर्चीवर पर्स होती.

पद्मिनीने ती उचलली नाही. चार वाक्यांत फिटावं असं काय होतं ते? तिचा राग तसूभरही उतरला नव्हता, आणि उतरावा अशी तिची इच्छाही नव्हती. ती समोर पडद्याकडे बघत राहिली. सगळा हॉल तिच्याकडे बघतो आहे हे तिला कळत होतं. विष्णूला इतक्या लोकांत असं ताटकळत उभं राहायची सवय नाही हेही कळत होतं. राहू देत उभे.

शिवने वर मान करून बापाकडे पाहिलं. मग खुर्चीकडे पाहिलं. त्याने वाकून पर्स दोन्ही हातांनी उचलली, आपल्या मांडीवर घेतली, आणि ती पडू नये म्हणून पोटाशी घट्ट धरून बसला.